नर्तक उदयशंकर आणि अलमोड्याची शाळा

नृत्याविषयी आकाशवाणीवरून बोलायचे म्हणजे पक्वान्नाचे नुसते वर्णन करून पाहुण्याला पानावरून उठवण्यासारखे आहे. नाच डोळ्यांनी पाहायचा, आणि तुमच्या-माझ्यामध्ये तर नुसता आवाज! तरीही आज एका नर्तकाची हकीकत सांगायला बसलो आहे. कारण ही हकीकत नाचाची आहे त्याहून अधिक शिकण्या-शिकवण्याची आहे, आणि हे भाषण ऐकणाऱ्यांत गावोगावचे गुरुजी आणि शिक्षिकाबाई पुष्कळ असतात.

हा नर्तक म्हणजे उदयशंकर. सतारवादक रविशंकर यांचे हे थोरले बंधू. आज बहुतेकांना धाकट्या भावाचे नाव आधी आठवते. पण १९३० नंतरची दहा-पंधरा वर्षे अशी होती, की पॅरिस, लंडन, न्यूयॉर्क या शहरांत हिंदी कलावंत म्हटला की उदयशंकरांचेच नाव घेतले जाई. रविशंकर तेव्हा त्यांच्या संचातला एक लहान मुलगा होते.

आता एक गोष्ट आधी ध्यानात घ्या. शंभर वर्षांपूर्वी आपल्या देशात भल्या घरच्या पुरुषाने नाचावे, ही कल्पनाच कोणाला सहन होत नसे. आपल्याकडे 'नाच्या' हा शब्द कोणत्या सुरात उच्चारला जातो हे मी सांगायला नको. देवळातल्या नाचणाऱ्या बायका, तमाशातले कलावंत, लग्नसराईतले नाचे या सगळ्यांची कला लोक हौसेने पाहत आणि कलावंताला मात्र उंबऱ्याबाहेर ठेवीत. अशा काळात एका दिवाणाचा मुलगा नाचू लागला. आणि नाचाचे पहिले वेड त्याला लावले ते कोणा पंडिताने किंवा खाँसाहेबाने नव्हे, तर मातादीन नावाच्या एका खेडुताने.

उदयशंकरांचा जन्म ८ डिसेंबर १९०० रोजी राजस्थानात उदेपूरला झाला. गावाच्या नावावरूनच मुलाचे नाव ठेवले. वडील श्यामशंकर चौधरी मूळचे बंगाली, संस्कृतचे चांगले जाणकार. पुढे ते झालावाड संस्थानचे दिवाण झाले आणि बॅरिस्टरीसाठी विलायतेतही राहिले. त्यामुळे घरी वडील थोडे आणि आई-आजोळ जास्त, असे या मुलाचे बालपण गेले. आजोळ गाझीपूर जिल्ह्यातल्या नसरतपूर गावी. घराणे जमीनदाराचे. त्या गावात चर्मकार समाजातला मातादीन होळीच्या दिवसांत आणि सणावारी नाचत असे. उदयशंकरांच्या चरित्रांत सांगितले आहे, की हा मुलगा मातादीनचा नाच पाहायला वस्तीत जाई आणि घरी येऊन तशा हालचाली करून पाही. जमीनदाराच्या नातवाने त्या वस्तीत जाऊन बसावे हे त्या काळच्या गावाला कसे दिसले असेल, त्याची कल्पना तुम्हीच करा. तालीम म्हणावी अशी ही नव्हे. कोणी गंडा बांधला नाही, कोणी बोल शिकवले नाहीत. पाहिले, मनात धरले आणि अंगात उतरवले, एवढेच. पण या एका सवयीवर या माणसाचे पुढचे सारे आयुष्य उभे राहिले.

याच गावच्या शाळेत चित्रकलेचे एक मास्तर होते. त्यांनी मुलाचा हात ओळखला आणि रेघा, रंग, थोडे गाणे-बजावणे, इतकेच काय पण छायाचित्रणसुद्धा त्याला दाखवले. खेड्यातला एक चित्रकलेचा शिक्षक! मुलाला चित्रकार व्हायचे होते ते या मास्तरांमुळे. म्हणून वयाच्या अठराव्या वर्षाच्या सुमारास त्याला आपल्या मुंबईला जे. जे. कलाशाळेत पाठवले. मुंबईत असताना गांधर्व महाविद्यालयातही त्याने काही काळ संगीताचे धडे घेतले. मग १९२० साली वडिलांनी त्याला लंडनला बोलावले आणि तेथल्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये नाव घातले.

त्या कॉलेजचे प्रमुख होते सर विल्यम रोथेनस्टाइन. हे रवींद्रनाथ ठाकुरांचे मित्र. 'गीतांजली'चे इंग्रजी रूप विलायतेतल्या साहित्यिकांपुढे गेले ते यांच्याच घरातून. या गृहस्थाने उदयशंकरांची चित्रे पाहिली. रंग चांगले, रेषा चांगली, पण सगळे विलायती वळणाचे. तेव्हा त्यांनी या विद्यार्थ्याला ब्रिटिश म्युझियमची वाट दाखवली आणि आपल्या देशाची शिल्पे व चित्रे पाहायला सांगितले. मौज पाहा, हिंदुस्थानचा मुलगा हिंदुस्थानची शिल्पे लंडनमध्ये पाहतो आहे! पण ती पाहणी फुकट गेली नाही. दगडातला नटराज असा का उभा आहे, त्याचा तोल कोठे आहे, हात वर गेला की कंबर कोणीकडे वळते, हे चित्रकाराच्या डोळ्याने त्यांनी टिपून घेतले. नाच त्यांनी आधी डोळ्यांनी शिकला.

पुढची गोष्ट अनेकांना ठाऊक असेल. वडिलांना लंडनमध्ये हिंदी नाट्य-संगीताचे कार्यक्रम बसवण्याची हौस होती आणि त्यात मुलगा नाचत असे. त्या वेळी ॲना पावलोव्हा ही रशियन नर्तिका जगात सर्वश्रेष्ठ मानली जाई. ती नुकतीच हिंदुस्थानात फिरून गेली होती आणि तिला हिंदी विषयावर नृत्य बसवायचे होते. कोणीतरी या तरुणाचे नाव तिच्या कानावर घातले. १९२३ साली त्याने तिच्यासाठी दोन रचना बसवल्या, एक हिंदू विवाहाची आणि दुसरी राधाकृष्णाची. राधा झाली पावलोव्हा आणि कृष्ण झाले उदयशंकर. लंडनच्या कॉव्हेंट गार्डनमध्ये हे प्रयोग झाले आणि पुढे तिच्या संचाबरोबर ते अमेरिकेत नऊ महिने हिंडले. चित्रकलेचे सामान जे बाजूला पडले ते पडलेच.

असे सांगतात, की उदयशंकरांना तिचा बॅले नाच शिकायचा होता, पण पावलोव्हाने तो शिकवला नाही. आपल्या देशात जाऊन आपला नाच शोध, असे तिने सांगितले. शिष्याला आपल्यासारखे करून घेण्याचा मोह गुरूला आवरत नाही, हे आपण सगळे जाणतो. तिला तो आवरला.

त्यानंतरची काही वर्षे पॅरिसमध्ये हलाखीची गेली. लहानसहान नाटकगृहांत, उपाहारगृहांतल्या रंगमंचावर, मिळेल तेथे नाचून त्यांनी पोट भरले. तेथेच सिमोन बार्बिये ही फ्रेंच मुलगी पियानोच्या साथीसाठी आली आणि त्यांची शिष्या व नृत्यातली जोडीदार झाली. तिला सगळे सिम्की म्हणत. तेथेच ॲलिस बोनर या स्विस शिल्पकार बाईंशी पुन्हा गाठ पडली. या बाई पैशाने भक्कम आणि हिंदी कलेवर जीव लावलेल्या. १९३० साली दोघे हिंदुस्थानात आले. गावोगाव हिंडून त्यांनी नाच पाहिले. मलबारातले कथकळी पाहिले. वाद्ये आणि कापडचोपड जमवले. भावंडे, काका, चुलत बहीण अशी घरचीच मंडळी गोळा करून संच बांधला आणि पॅरिसला नेला. ३ मार्च १९३१ रोजी पॅरिसच्या मोठ्या नाटकगृहात पहिला प्रयोग झाला आणि एका रात्रीत नाव झाले. १९३२ च्या डिसेंबरात न्यूयॉर्कला पहिला प्रयोग झाला. पुढची सहा-सात वर्षे हा संच जग फिरत राहिला.

या संचाच्या संगीताविषयी थोडे सांगितलेच पाहिजे, कारण त्यात आपल्याकडचा एक माणूस होता. विष्णुदास शिराळी हे हुबळीचे, पंडित विष्णु दिगंबर पलुस्करांचे शिष्य. बंगालचे तिमिरबरन सरोद घेऊन संचात होते. ते गेल्यावर संगीताची सगळी धुरा शिराळींवर आली. उदयशंकरांची रीत उलटी होती. आपल्याकडे आधी ठेका आणि मग पाऊल. ते पुष्कळ वेळा आधी हालचाल बसवीत आणि मग वादकांना सांगत, आता याला संगीत द्या! एक हात खांद्यापासून बोटांपर्यंत लाटेसारखा वळतो आहे. त्याला कोणते वाद्य? कोठे घंटा वाजवायची, कोठे नुसता मृदंगावर हात फिरवायचा आणि कोठे गप्प बसायचे? शिराळींनी हे कोडे रोज सोडवले. निरनिराळ्या आकाराची वाद्ये भोवती मांडून ते एकटेच सुरात लावलेल्या तालवाद्यांचा मेळ उभा करीत. हार्मोनियम किंवा विलायती वाद्य न घेता, निव्वळ हिंदी वाद्यांचा वृंद परदेशी श्रोत्यांपुढे बसवायचा, हे काम त्या काळी सोपे नव्हते. १९३५ साली मैहरचे उस्ताद अल्लाउद्दीन खाँ या संचात वर्षभर राहिले. त्यांच्या संगतीने नाचणारा लहान रविशंकर सतारीकडे वळला. १९३८ मध्ये तो नाच सोडून खाँसाहेबांकडे मैहरला गेला. ती एक वेगळीच कथा आहे.

आता आक्षेपाकडे येऊ. उदयशंकर परत आले तेव्हा त्यांचे कौतुक झाले, तसेच जाणकारांनी विचारलेही, की हा कोणता नाच? हे भरतनाट्य नव्हे, कथकळी नव्हे, कथक नव्हे. गुरू कोण? घराणे कोणते? हातांच्या मुद्रा कोणत्या ग्रंथाप्रमाणे? प्रश्न खोटा नव्हता. आपल्याकडे कला गुरूच्या मुखातून येते, आणि बारा-बारा वर्षे एका पायरीवर बसणाऱ्या लोकांना, हा माणूस विलायतेतून येतो आणि आपल्या नावाचा नाच मांडतो, हे खटकले तर नवल नाही. उदयशंकरांनी कथकळीचे गुरू शंकरन नंबुद्री यांच्यापाशी बसून पुढे शिक्षण घेतले आणि त्यांना फार मान दिला. पण आपण शास्त्रीय नर्तक आहोत असा दावा केला नाही. माझे मत विचाराल तर ज्याने शास्त्र मोडले त्याच्यावर शास्त्राचा राग असावा, हे मला समजते. उदयशंकरांनी मोडले काहीच नाही. त्यांनी एक वेगळे घर बांधले. त्यात कथकळीचे डोळे होते, मणिपुरीची लवचीक पावले होती, लेण्या-देवळांतली शिल्पे होती आणि मातादीनही होता. रात्रभर चालणारे कथानक त्यांनी दहा मिनिटांत आणले. प्रकाश कोठून पडावा, कोण उंचावर उभा राहील आणि कोण खाली, दहा माणसे एकदम वळली की रंगमंचावर कोणते चित्र उमटते, हा विचार त्यांनी केला. चित्रकाराची सवय सुटते थोडीच!

पण मला ज्यासाठी ही हकीकत सांगावीशी वाटली ती गोष्ट पुढेच आहे.

१९३६ साली हा संच इंग्लंडात डेव्हन परगण्यातल्या डार्टिंग्टन हॉल येथे सहा महिने मुक्कामाला होता. हे ठिकाण लेनर्ड एल्महर्स्ट आणि त्यांच्या पत्नी डोरोथी यांनी उभे केलेले. शेतकी बंधू-भगिनींना एल्महर्स्ट हे नाव मुद्दाम सांगतो. हे गृहस्थ शेतकीशास्त्र शिकलेले. १९२२ साली रवींद्रनाथांनी शांतिनिकेतनाजवळ सुरूल येथे ग्रामसुधारणेचे काम काढले, त्याला पुढे श्रीनिकेतन म्हणू लागले, त्याचे पहिले संचालक हेच. परत जाऊन त्यांनी आपल्या देशात शेती, सुतारकाम, शाळा, नाटक आणि नृत्य एकाच माळावर नांदवले. नांगर आणि नाच यांत त्यांना विरोध दिसला नाही. तेथे उदयशंकरांनी पाहिले, की कलेची शाळा अशीही असू शकते. रवींद्रनाथांचेही सांगणे होते, की हिंदुस्थानात परत या आणि येथे काही उभे करा. एल्महर्स्ट कुटुंबाने पैसा दिला. डोरोथीबाईंची मुलगी बीट्रिस स्ट्रेट हिचा त्यात मोठा वाटा होता. संयुक्त प्रांताच्या सरकारने हिमालयाच्या पायथ्याशी अलमोड्याजवळ सिमतोला येथे जमीन दिली. इमारती व्हायच्या होत्या, म्हणून गावात राणीधारा भागात घरे भाड्याने घेऊन १९४० च्या सुमारास वर्ग सुरू झाले. हेच उदयशंकरांचे हिंदी संस्कृती केंद्र.

तेथे शिकवायला कोण होते? कथकळीला शंकरन नंबुद्री. भरतनाट्याला कंदप्पा पिळ्ळै, म्हणजे थोर नर्तिका बालासरस्वती यांचे गुरू. मणिपुरीला अमोबी सिंग. संगीताला काही काळ स्वतः अल्लाउद्दीन खाँ. चार प्रांतांचे चार गुरू एका छपराखाली आले होते. ज्याला 'तुझा गुरू कोण' म्हणून हिणवले गेले, त्याने आपल्या विद्यार्थ्यांसाठी देशातले नामांकित गुरू बोलावले! अभ्यासक्रम पाच वर्षांचा. तो रेखून देण्याचे काम झोहरा मुमताज या नर्तिकेने केले. पुढे झोहरा सेहगल म्हणून आपण त्यांना नाटक-सिनेमात पाहिले.

पण सर्वांत महत्त्वाचा तास स्वतः उदयशंकर घेत. त्याला 'साधारण वर्ग' म्हणत. या तासाला काय शिकवीत? पहिला धडा चालण्याचा. होय, नुसते चालायचे! ढोलाचा साधा ठेका चालू आहे आणि विद्यार्थी गोल करून चालताहेत. तोल कोठे पडतो ते पाहा. ठेका हळू झाला, पाऊल हळू. ठेका दुप्पट झाला, पाऊल दुप्पट. मग चालीत भाव आणा. दमून घरी येणारा कसा चालतो? आनंदाची बातमी घेऊन येणारा कसा? भ्यालेला कसा? लेझीम शिकवणाऱ्या गुरुजींना यातली मेख लगेच समजेल. हातातले लेझीम नंतरचे, आधी रांगेतल्या पोराचे पाऊल खरे पडले पाहिजे.

दुसरा धडा पाहण्याचा. रोजच्या व्यवहारातली एखादी हालचाल घ्यायची आणि ती नीट पाहायची. लाकूड तोडणारा कुऱ्हाड उचलतो तेव्हा जोर कोठून येतो, दंडातून की कमरेतून? डोक्यावर घडा घेतलेल्या बाईची मान स्थिर का असते? मग ती हालचाल वस्तू हातात न घेता करून दाखवायची. पाहणाऱ्याला कुऱ्हाड दिसली पाहिजे.

तिसरा धडा कल्पनेचा. गुरू एखादा प्रसंग सांगतील आणि विद्यार्थ्याने तेथल्या तेथे तो अंगाने मांडायचा. वादक समोर बसलेले, तेही तेथल्या तेथे साथ करणार. बाकीचे विद्यार्थी बसून पाहणार आणि मग बोलणार. काय खरे वाटले, काय खोटे वाटले, ते सांगणार. 'माझ्यासारखे करा' असे या वर्गात कमी आणि 'तुम्हाला काय दिसले' असे जास्त. म्हणून तर त्यांचे शिष्य पुढे एकमेकांसारखे झाले नाहीत.

श्रोतेहो, असा तास घेणे दिसते तितके सोपे नाही. पाठ करून घेणे सोपे. पोराला मोकळे सोडायचे आणि तरी वर्ग विस्कटू द्यायचा नाही, यात शिक्षकाची परीक्षा आहे. उदयशंकर शिस्तीला कडक होते. वेळ, स्वच्छता, पोशाख, सगळे चोख लागे.

अलमोड्याच्या आसपास रामलीला गाऊन करण्याची जुनी चाल आहे. उदयशंकरांनी १९४१ च्या सुमारास ती वेगळ्या रीतीने केली. उघड्यावर भला मोठा पांढरा पडदा लावला. मागे दिवे आणि दिव्यांपुढे नर्तक. पडद्यावर पडछाया. नर्तक दिव्याजवळ सरकला की छाया डोंगराएवढी आणि पडद्याकडे आला की माणसाएवढी. रावण मोठा करायला आणखी काय पाहिजे? आजूबाजूच्या गावांतले लोक उतारावर बसून हा खेळ पाहत. पॅरिस-न्यूयॉर्कने पाहिलेला कलावंत डोंगरातल्या गावकऱ्यांना त्यांचीच रामलीला दाखवतो आहे, आणि त्यांना ती परकी वाटत नाही. माझ्या मते त्यांच्या कामाची ही खरी परीक्षा होती, आणि तिच्यात ते उतरले.

दुसरी रचना सांगायची तर 'श्रम आणि यंत्र' या विषयावरची. ती १९३९ सालची. गावातले कारागीर आपापल्या हातांनी काम करताहेत. मग कारखान्याची हाक येते. नर्तकच यंत्र होतात. कोणी दट्ट्या, कोणी चाक, कोणी दांडा. माणसांची रांगच्या रांग एका ठोक्याने वर-खाली होते आणि पाहता पाहता कामगाराचे हातपायही यंत्राचे होतात. शेवटी तो कामगार नकार देऊन उभा राहतो. देवादिकांच्या कथांत रमलेल्या नृत्यात गिरणी आली, मजूर आला, याचे तेव्हा पुष्कळांना नवल वाटले. पण पाहा, हालचाल नीट पाहायला शिकलेला माणूस गिरणीच्या दारातून जाताना डोळे मिटून कसा जाईल?

ही शाळा फार वर्षे टिकली नाही. महायुद्ध सुरू होते, परदेशातून येणारा पैसा आटला, अंतर्गत मतभेदही झाले. सिमतोल्याच्या नियोजित इमारती उभ्या राहिल्याच नाहीत. १९४४ पर्यंत केंद्र बंद पडले. पाच वर्षांचा अभ्यासक्रम पाच वर्षे पुरा चालला नाही. उदयशंकरांचा स्वभावही याला थोडा कारण होता, हे लपवण्यात अर्थ नाही. ते कल्पनेचे राजे, हिशेबाचे नव्हेत. शिवाय त्यांच्या मनाने आता सिनेमा घेतला होता. मद्रासच्या जेमिनी स्टुडिओत त्यांनी 'कल्पना' हा बोलपट काढला. तो १९४८ साली लागला. कथा एका नर्तकाची, त्याला हिमालयात कलाकेंद्र काढायचे असते. म्हणजे जे अलमोड्याला मोडले ते पडद्यावर बांधले! संगीत शिराळींचे, नायिका त्यांच्या पत्नी अमला. चित्रपटात नाचामागून नाच. पैशाच्या दृष्टीने तो पडला. सामान्य प्रेक्षकाला तो जड गेला असेल तर मी त्याला दोष देणार नाही. पण हालणाऱ्या शरीराला कॅमेऱ्याने कसे पाहावे, हे त्यातून कित्येकांनी शिकून घेतले.

शाळा मोडली, पण तिच्यातली पोरे देशभर पांगली. त्यांची नावे ऐकली की आश्चर्य वाटते. शांती बर्धन मुंबईला आले. अंधेरीला लोकनाट्य संघाच्या मध्यवर्ती पथकात त्यांनी नृत्यनाट्ये बसवली आणि १९५२ साली 'लिटल बॅले ट्रूप' काढला. त्यांच्या 'रामायणा'त नर्तक कळसूत्री बाहुल्यांसारखे हालत. क्षयाने पोखरलेल्या देहाने हे काम त्यांनी केले आणि १९५४ साली ते गेले. सचिन शंकर यांनीही मुंबईतच आपला बॅले संच उभारला. झोहरा सेहगल १९४५ साली पृथ्वीराज कपूरांच्या पृथ्वी थिएटर्समध्ये आल्या आणि चौदा वर्षे गावोगाव नाटके करीत हिंडल्या. लक्ष्मी शंकर नृत्य शिकायला आल्या होत्या. आजारपणाने नाच सुटला, तेव्हा त्या गाण्याकडे वळल्या. प्रो. बा. र. देवधरांपाशीही त्या शिकल्या आणि मोठ्या गायिका झाल्या.

आणि एक सतरा-अठरा वर्षांचा मुलगा. अलमोड्याहून निघून तो १९४४ साली पुण्याला प्रभात फिल्म कंपनीत आला आणि 'हम एक हैं' या बोलपटाचे नृत्यदिग्दर्शन त्याने केले. त्याचे नाव गुरुदत्त. 'प्यासा' आणि 'कागज के फूल' ज्यांनी पाहिले आहेत त्यांनी आठवावे, त्या चित्रांतली पात्रे नाचत नसतानाही कशी चालतात, कशी थांबतात आणि त्यांच्यावर उजेड कोठून पडतो!

शिक्षकांसाठी आणखी एक नाव. नरेंद्र शर्मा हेही अलमोड्याचेच विद्यार्थी. त्यांनी दिल्लीच्या मॉडर्न स्कूलमध्ये मुलांना नृत्य शिकवण्याचे काम वर्षानुवर्षे केले. पुढे १९७२ साली 'भूमिका' हा आपला संच काढला तरी शाळकरी मुलांमधले काम त्यांनी कमी लेखले नाही. मुलांबरोबर त्यांनी केलेल्या रचनांत पशुपक्षी असत, रस्त्यावरची माणसे असत. मुले आधी पाहून येत आणि मग करून दाखवीत. साधारण वर्ग असा शाळेच्या आवारात येऊन पोचला.

उदयशंकरांचा उत्तरकाळ कोलकात्यात गेला. १९५५ साली पश्चिम बंगाल सरकारने नृत्य, नाट्य आणि संगीताची अकादमी काढली, तिच्या नृत्य शाखेचे ते पहिले प्रमुख. १९६१ साली, रवींद्रनाथांच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, त्यांच्या एका कवितेवरून 'सामान्य क्षती' ही रचना त्यांनी केली. थंडी वाजते म्हणून गरिबांच्या झोपड्या पेटवून शेकणाऱ्या राणीची ती कथा. संगीत धाकट्या भावाचे, रविशंकरांचे. १९६२ मध्ये संगीत नाटक अकादमीने त्यांना आपले सन्माननीय सदस्य केले आणि १९७१ मध्ये पद्मविभूषण मिळाले. सत्तरी गाठल्यावरही ते स्वस्थ नव्हते. सिनेमाचा पडदा आणि रंगमंच यांचा मेळ घालणारा 'शंकरस्कोप' नावाचा खटाटोप त्यांनी केला. पडद्यावरचा माणूस धावत येतो आणि पडद्यातून बाहेर पडून खऱ्या रंगमंचावर उतरतो, अशी ती गंमत. लोक टाळ्या देत. ती त्यांची थोर रचना होती असे मला वाटत नाही, पण त्या वयात इतके कुतूहल शिल्लक होते हे खरे. २६ सप्टेंबर १९७७ रोजी कोलकात्यात त्यांचे निधन झाले.

अमलाबाईंनी १९६५ साली कोलकात्यात त्यांच्या नावाचे केंद्र काढले होते, ते पुढे पन्नास वर्षे चालवले. या अमलाबाई म्हणजे पूर्वीच्या अमला नंदी. १९३१ साली वडिलांबरोबर पॅरिसच्या प्रदर्शनाला गेलेली ही अकरा-बारा वर्षांची मुलगी तेथे उदयशंकरांच्या संचात आली. पुढे अलमोड्याला शिकली आणि १९४२ साली त्यांची पत्नी झाली. आपल्या वर्गात त्याही मुलींना आधी चालायला लावीत. शंभरी ओलांडून २०२० साली त्या गेल्या.

'कल्पना'ची फिल्म मध्यंतरी फार खराब झाली होती. ती परदेशात दुरुस्त करून घेण्यात आली आणि २०१२ साली फ्रान्समध्ये कानच्या चित्रपट महोत्सवात पुन्हा दाखवली गेली. नव्वदी ओलांडलेल्या अमलाबाई स्वतः त्या खेळाला हजर होत्या. पडद्यावर त्या अठ्ठावीस वर्षांच्या आत होत्या, आणि हिमालयातल्या त्या कलाकेंद्रात पोरापोरींच्या रांगा ढोलाच्या ठेक्यावर पावले टाकीत होत्या.